आमची वाटचाल : मधाच्या रंगापासून कोऱ्या चहाच्या रंगापर्यंत

कोल्हापुरात राजारामपुरीतल्या घरच्या ओट्यावर अर्ध्या किलोच्या केकने सुरू झालेलं आमचं काम आता एका छोट्या युनिटमध्ये चालतं. या काळात केकचा बेस फारसा बदलला नाही. बदलत गेलं ते कॅरॅमल फ्रॉस्टिंग, म्हणजे जाळलेल्या साखरेच्या चवीचा केकवरचा थर. म्हणून वाटचाल सांगायची, तर त्या एका पातेल्याचीच सांगतो.

सुरुवातीला साखर करपेल या धास्तीने आम्ही ती मधाच्या रंगावरच उतरवायचो. त्यावर आयसिंग शुगर पडली की कॅरॅमल नावालाच उरायचं. ‘गोड जरा कमी करा’ असं गिऱ्हाईक म्हणालं की आयसिंग शुगर कमी करायची, मग फ्रॉस्टिंग ढिलं पडायचं. खरा उपाय साखर आणखी जाळण्यात होता. कोऱ्या चहाच्या रंगाला, म्हणजे साधारण १७५ अंशांना, साखरेत किंचित कडूपणा येतो आणि तोच पुढच्या गोडाला आवर घालतो. १८५ च्या पुढे मात्र धूर आणि जळकी चव.

आजचं आमचं प्रमाण असं. साखर २०० ग्रॅम, पाणी ६० मिली, लिंबाचा रस अर्धा चमचा, फ्रेश क्रीम १२० मिली, बिनमिठाचं बटर ६० ग्रॅम, मीठ अर्धा चमचा. पातेलं जाड बुडाचं आणि स्टीलचं घ्या. काळ्या नॉनस्टिकमध्ये रंग कळत नाही. साखर विरघळेपर्यंतच हलवायचं, पाक उकळायला लागला की चमचा बाहेर. कडेला उडालेला एक दाणा आत पडला तरी सगळा पाक रवाळ होतो, म्हणून कडा ओल्या ब्रशने पुसत राहायच्या. लिंबाचं काम तेच, साखरेला पुन्हा दाणा धरू न देणं. रंग आला की गॅस बंद करा, कारण पातेल्याची धग आणखी काही अंश चढवतेच.

क्रीम कोमट हवं. फ्रीजमधलं थंड क्रीम ओतलं तर उसळी येते, हात भाजतो आणि साखरेचा दगड होतो. झालाच दगड तर घाबरू नका, मंद आचेवर ठेवून हलवत राहा, विरघळतो. आणि करपायचंच असेल तर क्रीमच्या आधी करपू द्या. तेवढ्यात फक्त साखर जाते.

एक गोष्ट उशिरा लक्षात आली. बाजारात मिळणारं फ्रेश क्रीम बहुधा २५ टक्के स्निग्धांशाचं असतं, तर परदेशी कृती ३५ टक्क्यांच्या क्रीमवर बेतलेल्या. म्हणजे आपल्या क्रीममध्ये पाणी जास्त, आणि तेच पाणी पुढे फ्रॉस्टिंग फाडतं. त्यामुळे क्रीम घातल्यावर पुन्हा मंद आचेवर १०६ अंशांपर्यंत आटवायचं, मग उतरवून बटर आणि मीठ. पुस्तकात १०८ दिसेल. पण कोल्हापूर समुद्रसपाटीपासून साधारण ५५० मीटरवर आहे, इथं पाणी ९८ अंशांच्या आसपासच उकळतं. थर्मामीटर उकळत्या पाण्यात ९८ दाखवतो म्हणून तो बिघडलेला नसतो. (आम्ही एक फेकून दिला होता.)

आता फ्रॉस्टिंग. २०० ग्रॅम बिनमिठाचं बटर बोटाने दाबलं तर खळगा पडेल, पण चकाकणार नाही इतपत मऊ. म्हणजे १८ ते २० अंश. ते पाच मिनिटं फेटून फिकट करा. चाळलेली आयसिंग शुगर ३०० ग्रॅम, तीन हप्त्यांत. मग गार कॅरॅमल १५० ग्रॅम, बारीक धारेने. पातेल्याला बाहेरून हात लावून ऊब जाणवली तर थांबा. एवढ्यात बारा कपकेक किंवा एक किलोचा केक होतो. आयसिंग शुगर घरी दळणार असाल तर ३०० ग्रॅम साखरेला १५ ग्रॅम कॉर्नफ्लोअर घालून दोनदा चाळा, नाहीतर दाताखाली कचकच लागते. घरचं लोणी चालतं, पण बर्फाच्या पाण्यात धुऊन ताकाचा अंश पिळून काढायला हवा.

फाटलेलं फ्रॉस्टिंग फेकू नका. दाणेदार दिसलं तर बटर थंड राहिलंय. भांड्याला बाहेरून गरम फडकं लावून फेटा. पातळ आणि तेलकट दिसलं तर गरम झालंय. पंधरा मिनिटं फ्रीज, मग पुन्हा बीटर. एप्रिल-मे महिन्यात आम्ही हे काम सकाळी नऊच्या आत संपवतो. घट्टपणासाठी वनस्पती तूप घालणारे आहेत, पण ते टाळूला चिकटतं. पावसाळ्याचा त्रास वेगळा: केकवर लावलेले कॅरॅमलचे तुकडे दमट हवेत तासाभरात पाझरू लागतात. जून ते सप्टेंबर ती सजावट आम्ही घेतच नाही.

हे बटरचं फ्रॉस्टिंग, म्हणजे बटरक्रीम, जड वाटतं म्हणणारं गिऱ्हाईक इथं पुष्कळ. त्यांच्यासाठी २५० ग्रॅम व्हिप क्रीम फेटून त्यात ७० ग्रॅम कॅरॅमल हलक्या हाताने मिसळतो. हे व्हिप मुळातच गोड, म्हणून साखर आणखी एक छटा गडद.

गुळाचं फ्रॉस्टिंग मात्र खास आपल्या मातीतलं. कोल्हापुरी गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. त्या गुळाची खमंग चव काहिलीतच, म्हणजे उसाचा रस आटवायच्या मोठ्या कढईतच, तयार झालेली असते, पुन्हा जाळायची गरज नाही. १५० ग्रॅम गूळ दोन चमचे पाण्यात वितळवा, गाळा, घट्ट आटवा आणि उतरवून पूर्ण कोमट होऊ द्या. मगच ६० मिली क्रीम. उकळत्या गुळात क्रीम घातलं तर गुळाच्या आंबटपणाने ते नासतं. चिमूटभर खायचा सोडा आधी घातला की धोका कमी होतो. फार पिवळाधमक गूळ घेऊ नका, तो हायड्रोस या रसायनाने उजळवलेला असू शकतो.

कागल किंवा इचलकरंजीला जाणारा केक आम्ही किमान तासभर फ्रीजमध्ये घट्ट करूनच गाडीवर चढवतो. खोक्यावर चिठ्ठी असते : फ्रीजमधून काढल्यावर अर्ध्या तासाने कापा.