23,079 मधले 198

वहीतली शेवटची ओळ होती 25,38,420. माझ्या स्क्रीनवर बाकी दिसत होती 29,20,764. समोर बसलेले भाऊ तीन लाखांचा चेक लिहीत होते आणि लिहिता लिहिता सहज म्हणाले, "म्हणजे आता बावीस लाख अडतीस हजार राहतील ना, मॅडम?"

मे 2023 मधली गोष्ट. मी तेव्हा नाशिकमधल्या एका बँकेच्या शाखेत कर्ज विभाग बघत होते. हे भाऊ अंबडच्या कारखान्यात टर्नर. सप्टेंबर 2021 मध्ये पाथर्डी फाट्याजवळच्या फ्लॅटसाठी त्यांनी 30 लाखांचं कर्ज घेतलं होतं. मुदत वीस वर्षं, व्याज 6.90 टक्के, हप्ता 23,079. एकही हप्ता चुकलेला नाही. अशी खाती आम्ही वर्षानुवर्षं उघडूनही बघत नाही, कारण त्यात वसुलीचं काही काम नसतं. त्या दिवशीही मी ते उघडलं, ते फक्त पार्ट पेमेंट, म्हणजे मुदतीआधी भरलेली जादा रक्कम, टाकण्यासाठी.

वही चौकटीची होती, शाळेत गणिताला वापरतात ती. त्यांची मुलगी तेव्हा सातवीत. हप्ता कापल्याचा मेसेज आला की ती बसून वजाबाकी करायची. 30,00,000 मधून 23,079 गेले, 29,76,921. पुढच्या महिन्यात त्यातून पुन्हा 23,079. अशा वीस वजाबाक्या, पेन्सिलनं, प्रत्येक हातचा वर बारीक लिहिलेला आणि उत्तराखाली लाल पेनानं दोन रेघा. मी त्या पानांवरून बोट फिरवत खाली आले. एकही वजाबाकी चुकलेली नव्हती.

"एवढी बाकी नाही, भाऊ," मी म्हणाले आणि खातेउतारा प्रिंटला दिला. तो बाहेर येईपर्यंत स्क्रीनवर खाली सरकले आणि मला दुसरी ओळ दिसली. उरलेले हप्ते: 609.

मी आधी टायपिंगची चूक समजले. म्हणून कॅल्क्युलेटर घेऊन हातानं केलं. 29.21 लाखांवर 9.40 टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं 22,881. हप्ता 23,079. म्हणजे मेच्या हप्त्यातले 198 रुपये मुद्दलात गेले होते, बाकी सगळं व्याज. या गतीनं कर्ज फिटायला पन्नास वर्षं आणि नऊ महिने लागतात. भाऊंचं वय 42. सिस्टिमच्या हिशोबानं ते 93 व्या वर्षी कर्जमुक्त होणार होते आणि तोवर एकूण 1 कोटी 45 लाख भरणार होते. दर आणखी पाव टक्का वाढला असता, तर हप्त्यात नुसतं व्याजसुद्धा मावलं नसतं.

हे कसं झालं ते बाहेरच्या माणसाला पटकन उमगत नाही, म्हणून जरा सविस्तर लिहिते. ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली असतात, बहुतेकदा रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दरानं उसने पैसे देते त्याला. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे त्यावर बँक मिळवते ती टक्केवारी, आणि तीन महिन्यांतून किमान एकदा रीसेट, म्हणजे दर नव्यानं लावणं. 2021 मध्ये रेपो होता 4 टक्के. भाऊंचा स्प्रेड 2.90, म्हणून दर 6.90. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो सहा वेळा वाढून 6.50 वर गेला. त्यांचं खातं जुलैमध्ये 7.80, ऑक्टोबरमध्ये 8.80, जानेवारीत 9.15 आणि एप्रिलमध्ये 9.40 झालं.

अडीच टक्के ऐकायला थोडे वाटतात. पण वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्यापासून व्याजाचाच वाटा मोठा असतो. यांच्या पहिल्या 23,079 मध्ये 17,250 व्याज होतं आणि 5,829 मुद्दल. वाढलेलं सगळं व्याज या 5,829 मधूनच कापलं जाणार, दुसरी जागाच नाही. जुलैच्या रीसेटनंतर मुद्दलाला चार हजारही उरेनात, ऑक्टोबरनंतर सोळाशे, जानेवारीनंतर आठशे आणि शेवटी 198. दोन-तीन वर्षांचं नवं कर्ज असलेल्यांना ही दरवाढ सगळ्यात जास्त लागली. ज्यांची दहा-बारा वर्षं भरून झाली होती त्यांच्या हप्त्यात मुद्दलाचा वाटा बराच असतो, त्यांना तेवढा चटका बसला नाही.

दर वाढला की बँकेपुढे दोन वाटा असतात, हप्ता वाढवा किंवा मुदत वाढवा. आमच्या सिस्टिममध्ये मुदत वाढवणं आपोआप व्हायचं. कर्जदाराच्या वयाची अट मंजुरीच्या वेळी तपासली जाते, रीसेटच्या वेळी ती तपासण्याची सोय कुणी घातलेलीच नव्हती. अशा खात्यांची यादी दर महिन्याला एक्सेप्शन रिपोर्टमध्ये शाखेला येत होती. आमच्याकडे तो रिपोर्ट कुणीही उघडत नव्हतं, मीसुद्धा नाही. नंतर मी हा विषय रीजनल ऑफिसच्या मीटिंगमध्ये काढला, तेव्हा एका वरिष्ठांनी सरळ सांगितलं, "हप्ता वाढला की माणूस काउंटरवर येतो. मुदत वाढली की येत नाही." त्यांना ती चांगली व्यवस्था वाटत होती. मला त्या वाक्याचा आजही संताप येतो.

भाऊंना बँकेनं कळवलं नव्हतं असंही नाही. त्यांनी मोबाईल दाखवला, चार मेसेज होते. चारही इंग्रजीत, नवा दर आणि तो कधीपासून लागू एवढंच. किती हप्ते वाढले याचा एक शब्द नाही. लेथवर मायक्रोमीटर लावून काम करणारा माणूस आहे तो, आकड्यांना घाबरणारा नाही. त्याला आकडा दिलाच नव्हता.

प्रिंट घेऊन मी परत खुर्चीत बसले. त्यांच्या शेजारी वहिनी होत्या, त्या घरी ब्लाउज शिवतात. तीन लाखांत त्यांची भिशी होती आणि पोस्टातली पाच वर्षांची आरडी. मी उतारा दोघांच्या मध्ये ठेवून प्रत्येक ओळीतलं व्याज आणि मुद्दल वेगवेगळं दाखवत गेले. वीस महिन्यांत भरले 4,61,580. त्यातलं व्याज 3,82,344. मुद्दल 79,236.

भाऊ बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी वही माझ्याकडे सरकवली. "पोरीची वजाबाकी कुठं चुकली तेवढं सांगा."

"तिची वजाबाकी बरोबर आहे," मी म्हणाले. "तिला जो आकडा वजा करायला दिला, तो चुकीचा होता."

"मग बरोबर आकडा कुणी सांगायचा होता, मॅडम?"

ते काही आवाज चढवून बोलले नव्हते. मला मात्र 2021 मधली ती सकाळ आठवली. सह्या करताना त्यांनी मला एकच प्रश्न विचारला होता, "हप्ता वाढणार तर नाही ना?" आणि मी म्हणाले होते, "नाही हो भाऊ, हप्ता तोच राहील." मी खोटं बोलले नव्हते. हप्ता खरोखरच तोच राहिला होता.

सगळे हेच विचारतात. टाइल्स निवडायला चार शनिवार घालवणारी माणसं आमच्यासमोर बसून फक्त हप्ता किती बसेल ते विचारतात, आणि आम्ही तेवढंच सांगतो. एकूण किती जाईल हे त्या काळात मला कुणी विचारल्याचं आठवत नाही. सुरुवातीच्या दरानंच भाऊंच्या 30 लाखांचे वीस वर्षांत 55 लाख 39 हजार होणार होते, हे मी मंजुरीच्या वेळी एका वाक्यात सांगू शकले असते. पण सांगितलं तर गिऱ्हाईक बिचकतं, मार्चअखेरीचं टार्गेट मागे पडतं, हे आम्हाला रुजू झाल्यापासून शिकवलेलं असतं.

त्या दुपारी पुढचा दीड तास मी तीच दोन माणसं घेऊन बसले. टोकनची रांग शेजारच्या टेबलावर वळवली, त्यावरून नंतर बोलणीही खाल्ली. कागदावर एकेक पर्याय मांडला. काही केलं नाही तर 609 महिने. नुसते तीन लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर 283. माझा स्वतःचाही आधी विश्वास बसला नाही, म्हणून दोनदा केलं. तीन लाखांनी सत्तावीस वर्षं पुसली जात होती, कारण महिन्याचं व्याज 22,879 वरून 20,529 वर येत होतं आणि मुद्दलाला एकदम अडीच हजारांची वाट मोकळी होत होती. मग हप्ता वाढवून पाहिला. 24,000. 24,500. 25,000 ला आकडा आला 221. मूळ मुदतीचे 220 महिने उरले होते, म्हणजे एका महिन्याचा फरक.

"किती जास्त मग महिन्याला?" वहिनींनी विचारलं.

"1,921."

त्यांनी मनात काही मोजलं. "सहा ब्लाउज," त्या भाऊंना म्हणाल्या. "तेवढं मी बघते."

पार्ट पेमेंट टाकताना स्क्रीनवर मुदत कमी करायची की हप्ता, असा एक छोटा चौकोन येतो. घाईत बरेच जण तो तसाच सोडून पुढे जातात. मी मुदतीवर खूण केली, चेकरला, म्हणजे नोंद तपासून मंजूर करणाऱ्या सहकाऱ्याला, शेजारी उभं करून तेव्हाच पासिंग करून घेतलं. त्यांचा पगार दुसऱ्या बँकेत होतो, म्हणून वाढीव हप्ता तिथून आपोआप कापून घेण्याचं नवं मँडेट भरलं. बदलत्या दराच्या गृहकर्जात वेळेआधी पैसे भरायला दंड लागत नाही, हेही त्यांना माहीत नव्हतं. दंड लागेल या भीतीनं भिशीचे पैसे चार महिने घरात पडून होते.

तीन महिन्यांनी, 18 ऑगस्ट 2023 ला, रिझर्व्ह बँकेचं परिपत्रक आलं. दर बदलला की हप्ता आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही, हे त्याला ठरवू द्या, आणि दर तिमाहीला वसूल झालेलं व्याज, मुद्दल, उरलेले हप्ते लिहून द्या. ते वाचताना मला हायसं वाटलं. आमच्यासारख्या किती शाखांत किती वह्या असतील, तेही डोक्यात आलं. ऑक्टोबर 2024 पासून मंजूर होणाऱ्या कर्जाला की फॅक्ट स्टेटमेंट द्यावं लागतं. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर असतो आणि हप्त्यागणिक तक्ता असतो. मी तो तक्ता समोरच्याला वाचून दाखवते. सहकारी म्हणतात, कशाला, सही घे आणि सोड. मी नाही सोडत.

भाऊ अजूनही येतात. 2025 मध्ये रेपो 6.50 वरून 5.25 पर्यंत उतरला. हप्ता कमी करून हवा का, असा मेसेज त्यांना आला तेव्हा त्यांनी फोन केला. मी म्हणाले, झेपत असेल तर राहू द्या 25,000. जानेवारी 2026 नंतर त्यांच्या हप्त्यात 16,603 व्याज आहे आणि 8,397 मुद्दल. उरलेले हप्ते 162, म्हणजे मूळ वेळापत्रकापेक्षा दोन वर्षं आधी कर्ज फिटेल. मुलीनं नवी वही केली आहे. तीन रकाने आहेत आणि व्याजाचा ती स्वतः काढते.

एक गोष्ट मात्र त्या दुपारी माझ्या तोंडून निघाली नाही. 30 लाखांतले घरासाठी लागणारे 28,90,000 च होते. उरलेले 1,10,000 म्हणजे कर्जाच्या विम्याचा एकरकमी हप्ता. तो आम्ही कर्जातच मिळवला होता, म्हणजे त्यावरही वीस वर्षं व्याज. 2021 च्या दरानंसुद्धा त्या एक लाख दहा हजारांचे दोन लाख तीन हजार होतात. विमा सक्तीचा नव्हता. विमा मुळात वाईटही नाही, घरातला कमावता माणूस गेला तर घर राहतं. पण तो अर्ज पन्नास-साठ सह्यांच्या गठ्ठ्यात मीच घातला होता, आणि हवा का, असं मी विचारलं नव्हतं. त्या महिन्यात शाखेला विम्याचं टार्गेट होतं.

त्या दिवशी वहिनी सहा ब्लाउज मोजत होत्या, तेव्हा हा आकडा माझ्या समोरच्या कागदावर होता. मी तो कागद उलटा ठेवला.

येत्या सोमवारी भाऊ येणार आहेत. मी त्यांच्या फाईलमधून विम्याचं प्रमाणपत्र काढून वर ठेवलं आहे. पॉलिसी आज परत केली तर किती पैसे मिळतील ते कंपनीकडून लेखी मागवलं आहे, आणि तेवढंच संरक्षण साध्या टर्म विम्यात कितीला पडेल तेही त्यांच्या वयाप्रमाणे काढून ठेवलं आहे. काय करायचं ते त्यांनी ठरवावं. आधी मला त्यांना सांगायचं आहे की 2021 मध्ये मी हे विचारायला हवं होतं.