रंग धरवायचा असतो : नागपूरचे चार दिवस

गेल्या वर्षी होळीच्या आधी मी पळसाची फुलं उकळून त्या पाण्यात एक पांढरी सुती ओढणी रंगवली होती. काय रंग आला होता सांगू, पिवळा आणि केशरीच्या मधला, उन्हात धरला की डोळे निवायचे. पहिल्या धुण्यात सगळा बादलीत गेला. ओढणी धड पांढरी नाही धड पिवळी नाही अशी मळकट होऊन बाहेर आली आणि मला खरंच वाईट वाटलं, कारण ती फुलं आत्याने नागपूरहून सावलीत वाळवून, पेपरात गुंडाळून पाठवली होती.

मग का गेला का गेला म्हणून वाचायला बसले तर प्रत्येक ठिकाणी एकच शब्द, मॉर्डंट. मॉर्डंट दिलं नाही तर झाडापानांचा रंग टिकत नाही. मराठीत याला रंगबंधक म्हणतात. व्याख्या वाचली, लक्षातही राहिली, पण व्याख्या कळणं वेगळं आणि गोष्ट कळणं वेगळं. त्यामुळे या मार्चमध्ये चार दिवस सुट्टी मिळाली तेव्हा सरळ आत्याला फोन केला की मी येतेय आणि मला रंगवायचंय.

पुण्याहून रात्रीच्या गाडीने निघालं की सकाळी बडनेरा गेल्यावर खिडकी सोडवत नाही. धामणगाव, पुलगाव, वर्धा, मध्ये सगळं वाळून पडलेलं, कापसाच्या पऱ्हाट्या उपटलेल्या, आणि मधेच एकटाच पळस, पान एक नाही, नुसता पेटलेला. मार्चमध्ये विदर्भात यावं ते यासाठी, उन्हाचं काय, टोपी घालायची.

आत्या महाल या नागपूरच्या जुन्या वस्तीत राहते. दुसऱ्या दिवशी सकाळी तर्री पोहे खाल्ले आणि तर्रीचा एक ओघळ माझ्या पांढऱ्या कुर्त्यावर आला. घरी येऊन साबण लावला तर पिवळा डाग लालभडक झाला. हळदीचं हे सगळ्यांना माहीत असतं, साबणातल्या क्षाराने हळद लाल होते, पाण्याने नीट खळबळलं की परत पिवळी. आत्या म्हणाली, "राहू दे, वर गच्चीवर टाक, ऊन खाऊन घेईल त्याले." मी टाकला आणि आम्ही इतवारीच्या बाजाराला निघालो. हा डाग लक्षात ठेवा, पुढे येणार आहे.

इतवारीत मेट्रोने गेलो, चितार ओळ चौकाला उतरलो. नागपुरात गल्लीला ओळ म्हणतात, ज्या धंद्याची गल्ली त्याची ओळ. चितार ओळ म्हणजे मूर्ती घडवणाऱ्या-रंगवणाऱ्यांची, मग सराफा ओळ, भांडे ओळ, किराणा ओळ. पत्ता विचारायचा तर वस्तूचं नाव घ्यायचं. किराणा ओळीत शिरलं की आधी मिरचीने ठसका लागतो मग हळूहळू बाकीचे वास वेगळे होतात, सुंठ, ओवा, कापूर. एका जुन्या दुकानात मी यादी दिली, हिरडा, तुरटी, हिराकस म्हणजे लोखंडाचा क्षार, आणि लाल रंगाची मुळी मंजिष्ठा. दुकानदार काकांनी यादी वाचली, चष्म्यावरून बघितलं आणि विचारलं, "औषधाले पाहिजे का रंगवाले?" मला इतका आनंद झाला. म्हणजे या माणसाला माहीत होतं! रंगवायला म्हटल्यावर त्यांनी हिराकसाची पुडी वेगळी बांधली, म्हणाले याले बाकीच्यात मिसळू नका, सगळं काळं करून टाकीन. आणि वर तांडापेठेकडच्या एका रंगाऱ्याचा पत्ता सांगितला, म्हणाले त्याच्या बापाकडं विणकरांचं सूत रंगायला यायचं.

गोळीबार चौक, तांडापेठ, पाचपावली हा सगळा भाग जुना विणकरांचा, कोष्टी आणि हलबा घरांचा. आता हातमागाचा खटखट आवाज ऐकायला गल्ल्या फिराव्या लागतात. रंगारी काका साधारण सत्तरीचे, आता ते मुख्यतः मॅचिंग ओढण्या आणि जुन्या साड्या रंगवून देतात, सगळे केमिकल रंग. अंगणात दोन भट्ट्या, तांब्याचं एक मोठं भांडं. मी माझ्या ओढणीची गोष्ट सांगितली. त्यांनी विचारलं, "फिटकरी देल्ली होती का?" फिटकरी म्हणजे तुरटी. नाही म्हटलं. "हिरडा?" नाही. तर म्हणाले, "मंग काहून रंग गेला म्हणता जी? नुसता रंग कपड्यावर बसते, धरत नाही. बसलेला उठून जाते. त्याले धरवा लागते."

बसणे आणि धरणे. मी ते जागच्या जागी वहीत लिहून घेतलं.

आता मॉर्डंट हा शब्द कुठून आला तर फ्रेंचमधल्या मोर्द्र या क्रियापदावरून, म्हणजे चावणे. जुन्या युरोपियन रंगाऱ्यांची समजूत अशी होती की तुरटीसारखे हे क्षार धाग्याला चावतात, त्याची छिद्रं उघडतात आणि त्या छिद्रांत रंग शिरून बसतो. समजूत चुकीची निघाली पण नाव राहिलं. खरं घडतं ते असं की तुरटीतलं ॲल्युमिनियम एका बाजूने धाग्याला धरतं आणि दुसऱ्या बाजूने रंगाच्या कणाला, आणि तिघांचं मिळून जे तयार होतं ते पाण्यात विरघळत नाही, म्हणून धुतलं तरी जात नाही. चावण्याचा काही संबंधच नाही, हात धरण्याचा आहे. रंगबंधक हा शब्द त्या मानाने बरोबर आहे, पण तो पुस्तकातच राहिला, मी चार दिवसांत कोणाच्या तोंडून ऐकला नाही. आणि आपल्याकडे क्रियापद आधीच आहे ना, झाड फळ धरतं, पोर बाळसं धरतं, तसं कापड रंग धरतं. यात वेळ लागतो आणि आधी काहीतरी करावं लागतं हे त्या शब्दातच आलं. मला विचाराल तर मॉर्डंटचं मराठी 'धरवण' असं काहीतरी व्हायला हवं होतं.

काकांनी आणखी एक गोष्ट समजावली जी मला वाचून कधीच नीट कळली नव्हती. सूत आणि रेशीम यांची तऱ्हा वेगळी. रेशीम, टसर, लोकर हे प्राण्यापासून आलेले धागे, प्रथिनांचे, ते तुरटीला सहज धरून ठेवतात. कापूस तुरटीला तितकं धरत नाही. म्हणून सुती कापडाला आधी हिरड्याच्या पाण्यात भिजवायचं, हिरड्यातलं टॅनिन, म्हणजे त्यातलं तुरट द्रव्य, कापसाला चिकटतं, मग त्या टॅनिनला तुरटी धरते, आणि मग तुरटीला रंग. म्हणजे साखळीच झाली. माझ्या ओढणीत यातली एकही कडी नव्हती, रंग बिचारा कोणाला धरणार होता.

मी विचारलं, मग हळदीला तर काहीच द्यावं लागत नाही तरी डाग जात नाही? ते म्हणाले, "हळद स्वतःच चिकटते जी, पण उन्हापुढं तिचं काही चालत नाही." आणि मला गच्चीवरचा कुर्ता आठवला. नीळही तशीच, तिलाही तुरटी लागत नाही पण तिची रीत एकदम निराळी, ती आंबवून किंवा रसायनाने विरघळवतात, कापड भांड्यातून काढलं की हिरवट पिवळं दिसतं आणि हवा लागली की डोळ्यांदेखत निळं होतं, तो निळा परत पाण्यात विरघळत नाही म्हणून टिकतो.

इथेच मला 'पक्का रंग' या शब्दाबद्दल शंका यायला लागली. त्याच संध्याकाळी आत्यासोबत गांधीबागेच्या कापडबाजारात साड्या बघत होतो, तिथे सेल्समनने ओला पांढरा रुमाल साडीच्या काठावर घासून दाखवला, बघा ताई एकदम पक्का कलर. रुमाल खरंच पांढरा होता. पण ती परीक्षा घासण्याची झाली. धुण्याची वेगळी, घामाची वेगळी, उन्हाची वेगळी. कापड तपासणीत यांचे मार्क पण वेगवेगळे देतात, धुण्याला १ ते ५ आणि उजेडाला १ ते ८. एखादा रंग धुण्यात पक्का आणि उन्हात कच्चा असू शकतो, हळदीसारखा. त्यामुळे पक्का म्हटलं की पुढचा प्रश्न विचारायचाच, कशाला पक्का?

काकांनी त्यांच्या आजोबांकडून ऐकलेलं आलाचं पण सांगितलं. आल म्हणजे बारतोंडीचं झाड, त्याच्या मुळांच्या सालीतून लाल रंग निघतो, तुरटी दिली की उघडतो. एकेकाळी मध्य भारतात या आलाची चक्क शेती व्हायची, मुळांसाठी. मग १८६८ मध्ये ग्रेबे आणि लीबरमान या दोन जर्मन रसायनशास्त्रज्ञांनी मंजिष्ठेच्या जातीतल्या मुळांमध्ये असतो तो अलिझरिन नावाचा लाल रंग प्रयोगशाळेत तयार केला आणि तो स्वस्तात बाजारात आल्यावर मुळं खणणाऱ्यांचं कठीण झालं. गंमत बघा, तो कारखान्यातला अलिझरिनसुद्धा तुरटीशिवाय धरत नव्हता. तुरटी न लागणारे रंग त्यानंतर आले, आणि १९५६ मध्ये आलेले रिॲक्टिव्ह रंग तर सुती धाग्याशी स्वतःच रासायनिक बंध करतात, मधे तिसरं कोणी लागत नाही. काका आता तेच वापरतात. म्हणजे माणूस तोच, भांडं तेच, पण फिटकरी देणं हे काम त्यांच्या अंगणातून गेलं. ते मला ज्या उत्साहाने सांगत होते ना, ते बघून मला वाटलं की कितीतरी वर्षांत त्यांना कोणी हे विचारलंच नसेल.

परत येताना गांधीसागर तलावाच्या बाजूने आलो. तिथे एम्प्रेस मिल ही कापडगिरणी होती, जमशेदजी टाटांनी १ जानेवारी १८७७ ला सुरू केलेली, त्या अलिझरिनच्या शोधानंतर नऊच वर्षांनी. आता तिथे मॉल आहे. आत्याच्या शेजारच्या घरातले दोघं त्या मिलमध्ये होते, ती भोंग्याबद्दल बोलत राहिली, मी ऐकत राहिले.

तिसऱ्या दिवशी गच्चीवर आमचा कारखाना. एका विणकरांच्या घरून करवत काठीतला टसरचा उरलेला तुकडा मिळाला होता. करवत काठी ही साडी, तिचं अंग टसरचं, म्हणजे रानरेशमाचं, आणि काठ सुताचा, ज्यात करवतीच्या दातांसारखी नक्षी असते, ती तीन धोटे (आडवा धागा नेणारी साधनं) वापरून विणतात. अंगाचा रंग बहुतेक वेळा टसरचा मूळचाच, मधासारखा, आणि रंगवलेला असतो तो काठ. एकाच साडीत दोन तऱ्हेचे धागे शेजारी शेजारी, हे आदल्या दिवशी काकांचं ऐकलं नसतं तर माझ्या लक्षातही आलं नसतं.

प्रमाण असं घेतलं, १०० ग्रॅम कापडाला २० ग्रॅम हिरडा, १५ ग्रॅम तुरटी, आणि हिराकस फक्त २ ग्रॅम. हिराकस जास्त झाला की धागा कुजतो, जुन्या कापडांमधला काळा भाग आधी विरतो तो यामुळेच, म्हणून इथे हात राखूनच. सुती तुकडे रात्रभर हिरड्यात ठेवले होते. मग तुरटी. मग पळसाच्या फुलांचं पाणी, तासभर मंद आचेवर, आत्या लाकडी उलथन्याने हलवत होती आणि सारखी म्हणत होती, "काय सुंदर दिसून राहिलं गं!"

आणि खरंच, एकाच भांड्यातून चार रंग. काही न दिलेला तुकडा फिकट, माझ्या ओढणीसारखाच. तुरटीचा सुती तुकडा भक्कम पिवळा. टसर जुन्या सोन्याकडे झुकलेलं. आणि तुरटीचाच एक तुकडा काढून हिराकसाच्या पाण्यात बुडवला तर दहा सेकंदांत, मी मोजले, पिवळ्याचा शेवाळी झाला. हिरडा आणि लोखंड भेटलं की काळपट येणारच, पूर्वीची शाई याच दोघांची करायचे. म्हणजे हे नुसतं रंग टिकवायचं काम नाही, कोणता रंग दिसणार हेही तेच ठरवतं. फुलं तीच, पाणी तेच, आणि धरणारा बदलला की रंग बदलला! मला वाटतं मॉर्डंटच्या व्याख्येत हे पहिल्या ओळीत यायला पाहिजे, तिथे नेहमी फक्त 'रंग टिकण्यासाठी' एवढंच लिहिलेलं असतं.

शेवटच्या दिवशी सकाळी नळाखाली चारही तुकडे धुतले. पहिल्या पाण्याला सगळ्यांचाच थोडा रंग गेला, तो जास्तीचा, न धरलेला. दुसऱ्या पाण्याला तुरटीवाल्याचं पाणी जवळजवळ नितळ. बिनतुरटीचा मात्र तिसऱ्या पाण्यापर्यंत सोडतच राहिला आणि शेवटी हातात मळकट पांढरा तुकडा उरला. गच्चीवरच्या कुर्त्याचा हळदीचा डाग तोपर्यंत पुसट झाला होता, नीट बघितलं तरच दिसेल इतका.

प्रत्येक तुकडा मधून कापून अर्धा मी घेतला, अर्धा आत्याने खिडकीत दोरीवर लावला, पश्चिमेच्या उन्हात. काल तिने फोटो पाठवला, दीड महिना झाला. एप्रिलचं नागपूरचं ऊन, तुरटीवाला पिवळा उतरलाय, माझ्याकडच्या अर्ध्याशेजारी धरला तर फरक कळतो, पळस उन्हाला तेवढा पक्का नाहीच. टसर जरा बरं. हिराकसवाला शेवाळी तसाच आहे. आत्याने खाली लिहिलंय, पुढच्या वेळी मंजिष्ठा लावू, ती पुडी तशीच पडून आहे.