ग्रँड कॅन्यनची हेलिकॉप्टर सफर: वजन कळवल्याशिवाय बुकिंग झालं असं समजू नका

ग्रँड कॅन्यनच्या हेलिकॉप्टर सफरीबद्दल मराठीत वाचायला मिळतं त्यात दरीचं वर्णन भरपूर असतं. दरीपर्यंत पोचण्याआधी काउंटरवर काय होतं, हे मात्र कुणी धड लिहीत नाही. आमचा निम्मा दिवस त्या काउंटरसमोर गेला. अजूनही आठवलं की चिडचिड होते, म्हणून तोच भाग नीट सांगतो. आई-बाबांना घेऊन अमेरिकेत फिरणाऱ्यांनी तर तो वाचावाच.

आधी एक गोष्ट स्पष्ट करून घ्या. ‘ग्रँड कॅन्यन हेलिकॉप्टर’ या एकाच नावाखाली दोन अगदी वेगळ्या सफरी विकल्या जातात. एक साउथ रिमची. ती दरीच्या दक्षिण काठाजवळच्या टुसायान गावच्या विमानतळावरून निघते. दुसरी वेस्ट रिमची. ती बहुतेक वेळा लास वेगास किंवा बोल्डर सिटीहून निघते आणि हूवर धरण व लेक मीडवरून जाते. वेस्ट रिमची जमीन हुआलापाई जमातीची आहे. ती राष्ट्रीय उद्यानात येत नाही, त्यामुळे उद्यानाचा वार्षिक पास तिथे चालत नाही. काचेचा स्कायवॉकही तिथलाच. हेलिकॉप्टर दरीच्या तळाशी नदीकाठी उतरतं, ते फक्त या वेस्ट भागात. वेगासहून टुसायानला गाडीने साडेचार तास लागतात, वेस्टला साधारण अडीच. फोटो एकीकडचा आणि तिकीट दुसरीकडचं, असं बुकिंग साइटवर सर्रास दिसतं. म्हणून पैसे भरण्याआधी हेलिकॉप्टर कुठून उडणार आणि कुठे उतरणार, या दोन ओळी शोधून वाचा.

साउथ रिमला पायलटला ‘जरा खाली घ्या ना’ म्हणून काही उपयोग नाही. 18 जून 1986 रोजी या दरीवर एक पर्यटक विमान आणि एक पर्यटक हेलिकॉप्टर हवेत एकमेकांवर आदळले आणि दोन्हींतले मिळून 25 जण गेले. त्यानंतर 1987 मध्ये कायदा आला. उद्यानाच्या हद्दीत काठाच्या पातळीखाली सफरी उडवणं बंद झालं आणि सफरींना ठरावीक हवाई मार्ग आखून दिले गेले. पुढे वेळेचंही बंधन आलं. टुसायानहून जाणारे ड्रॅगन आणि झुनी पॉइंट हे मार्ग मे ते सप्टेंबर सकाळी 8 ते संध्याकाळी 6 आणि ऑक्टोबर ते एप्रिल 9 ते 5 एवढाच वेळ खुले असतात. त्यामुळे उन्हाळ्यातला सूर्यास्त साउथ रिमवर हेलिकॉप्टरमधून दिसणं शक्यच नाही. ‘सनसेट’ लिहिलेली सफर म्हणजे वेगासहून वेस्टला जाणारी, असं धरून चाला.

आम्ही साउथ रिमची घेतली होती आणि घोळ तिथेच झाला.

बुकिंग केलं होतं एका मध्यस्थ साइटवरून, थोडं स्वस्त होतं म्हणून. नावं, ईमेल, कार्ड, झालं. बारकोडवालं व्हाउचर लगेच आलं, त्यावर तारीख आणि वेळ छापलेली. पण त्या साइटच्या फॉर्ममध्ये वजनाचा रकानाच नव्हता. हेलिकॉप्टर कंपनीच्या स्वतःच्या फॉर्ममध्ये तो प्रत्येक प्रवाशासाठी असतो: वजन पाउंडात, अंगावरच्या कपड्यांसकट. मध्यस्थाकडून कंपनीला नुसती चार नावं गेली आणि त्यांनी प्रत्येकासमोर सरासरी आकडा टाकून उड्डाणाची मांडणी करून ठेवली. काउंटरसमोर जमिनीत बसवलेली एक धातूची पाटी असते. नाव सांगताना तुम्ही तिच्यावर उभे असता, तोच काटा. आम्ही एकेक करून उभे राहिलो आणि काउंटरवरच्या बाईंच्या स्क्रीनवर बेरीज बसेना. मग फोनाफोनी. दोघांनी आत्ता जावं, दोघांनी पुढच्या फेरीला, असं सुचवलं गेलं. आई-बाबांना हेडसेटमधलं इंग्रजी भरभर कळत नाही, त्यांना एकटं पाठवायचं नव्हतं. पुढची फेरी भरलेली. चौघं एकत्र हवे असतील तर दुपारी बघू, म्हणाले. दुपारी वारा वाढला आणि सगळीच उड्डाणं थांबली.

तोवर मध्यस्थाच्या हेल्पलाइनवर तेच ते संगीत ऐकत बसलो होतो. शेवटी माणूस आला आणि म्हणाला, ‘हे ऑपरेटरशी बोला.’ ऑपरेटर म्हणजे हेलिकॉप्टर कंपनी. ती म्हणते, ‘पैसे आम्ही घेतलेले नाहीत, साइटशी बोला.’ अशी टोलवाटोलवी. काउंटरवरच्या बाई शेवटपर्यंत सभ्यपणे वागल्या, राग त्यांच्यावर नाही. ज्या व्यवसायात वजन ही पहिली माहिती आहे तिथे ती न विचारता तिकीट विकणाऱ्यावर आहे. वारा पडल्यावर उशिरा का होईना, चौघं एकाच हेलिकॉप्टरमधून गेलो.

वजनाचा एवढा बाऊ का, ते समजलं की काउंटरवर वाद घालावासा वाटत नाही. टुसायानचा विमानतळ समुद्रसपाटीपासून 6,609 फुटांवर आहे, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या माथ्यापेक्षाही बाराशे फूट वर. तिथे हवा मुळातच विरळ असते आणि तापली की आणखी विरळ होते. 30 अंश सेल्सियसला तिथली हवा हेलिकॉप्टरच्या दृष्टीने जवळपास दहा हजार फुटांवरच्या हवेसारखी असते. पाती तेवढीच फिरतात पण उचल कमी मिळते, आणि इंजिनाची ताकदही घटते. इंधन कमी भरावं तर राखीव साठ्याचा नियम आहे. उरतं काय, तर माणसं. म्हणून सकाळी सहा प्रवाशांना नेणारं तेच यंत्र दुपारी पाचच जणांना नेऊ शकतं.

दुसरी गोष्ट तोलाची. या सफरींवर बरेचदा ईसी-130 जातीचं हेलिकॉप्टर असतं. त्यात पायलट डावीकडे, त्याच्या शेजारी दोन प्रवासी आणि मागच्या ओळीत चार. कोण कुठे बसणार हे वजनावरून ठरतं, आधी आलेल्याला पुढची सीट असा हिशेब नसतो. काही ठिकाणी पुढच्या सीटचे जादा पैसे घेतात, पण तिथेही वजन बसलं नाही तर ती सीट मिळत नाही. माझ्या मते ते पैसे घालू नका. मागची मधली सीट मिळाली तरी हिरमुसू नका. मागची ओळ थोडी उंचावर असते, त्यामुळे पुढच्या मोठ्या काचेतून बरंच दिसतं.

तर करायचं काय? बुकिंग कुठूनही करा, पण व्हाउचर हातात आलं की हेलिकॉप्टर कंपनीला थेट फोन लावा. एकदा दोन दिवस आधी, एकदा आदल्या दिवशी. व्हाउचरचा नंबर सांगा आणि त्यांचा स्वतःचा कन्फर्मेशन नंबर मागून घ्या, कारण व्हाउचरवरचा आकडा त्यांच्या संगणकात बहुधा सापडत नाही. सगळ्यांची वजनं सांगा आणि आम्ही एकाच हेलिकॉप्टरमध्ये आहोत का, हे स्पष्ट विचारा. पाउंड काढायला किलोला 2.2 ने गुणा. 70 किलो म्हणजे 154 पाउंड. त्यात बूट, जॅकेट आणि कॅमेऱ्याचे पाच-सहा पाउंड मिळवा. पाउंडाच्या रकान्यात किलोचा आकडा टाकू नका. 70 पाउंड म्हणजे जेमतेम 32 किलो. संगणक तुम्हाला शाळकरी मूल समजून मांडणी करतो आणि काट्यावर सगळं कोसळतं. लाजेपोटी वजन कमी सांगण्याचाही उपयोग नाही, काटा समोरच आहे. आई-सासूबाईंना चारचौघांत वजन करायचा संकोच वाटतो, तर त्यांना आधी सांगून ठेवा की आकडा मोठ्याने वाचला जात नाही, तो काउंटरच्या आतल्या स्क्रीनवर दिसतो. एका माणसाचं वजन ठरावीक मर्यादेपुढे असेल तर जादा सीटचे पैसे पडतात. ही मर्यादा कंपनीनुसार 250 ते 300 पाउंडांच्या दरम्यान, म्हणजे 113 ते 136 किलो असते. तीही फोनवरच विचारा.

आणि सकाळची फेरी घ्या. मार्च ते मे तिथे वारा जोरात असतो, जुलै ते सप्टेंबरच्या मध्यापर्यंत दुपारी गडगडाटी पाऊस येतो. दोन्हींचा त्रास सकाळी कमी. शिवाय सकाळची फेरी रद्द झाली तर हातात अख्खा दिवस उरतो.

वेळेचा एक सापळा आहे. ॲरिझोनात उन्हाळ्यात घड्याळ पुढे करत नाहीत, वेगासला करतात. त्यामुळे मार्चच्या दुसऱ्या रविवारपासून नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपर्यंत दोन्हीकडे वेळ सारखी असते आणि हिवाळ्यात ॲरिझोना वेगासच्या एक तास पुढे असतं. मॉन्युमेंट व्हॅलीकडून येणाऱ्यांसाठी उलटं. तो नवाहो जमातीचा भाग उन्हाळ्यात घड्याळ बदलतो, म्हणजे टुसायानच्या एक तास पुढे जातो. हद्दीजवळ फोन कुठला टॉवर पकडेल सांगता येत नाही. टुसायानची वेळ फोनमध्ये हाताने लावून ठेवा.

उड्डाणाबद्दल थोडक्यात. टुसायानहून दोन लांबीच्या सफरी मिळतात: साधारण अर्ध्या तासाची आणि पाऊण तासाहून थोडी मोठी. एवढं सगळं करून जाणारच असाल तर मोठी घ्या. छोटी ड्रॅगन मार्गावरून फिरवून आणते आणि नजर स्थिरावेपर्यंत संपते. मोठी पूर्वेकडे जाते, तिथे लिटल कोलोरॅडो ही उपनदी दरीतल्या कोलोरॅडो नदीला मिळते. पाऊस झालेला नसेल तर लिटल कोलोरॅडोचं पाणी फिकट निळं असतं आणि मुख्य नदीत शिरल्यावरही त्याचा पट्टा काही अंतर वेगळा दिसतो. गाडीरस्त्यावरच्या पॉइंटवरून हा संगम असा दिसत नाही. सुरुवातीची काही मिनिटं खाली फक्त पोंडेरोसा पाइनचं जंगल असतं. झाडांचे शेंडे इतके जवळून सरकतात की वेग जाणवतो. मग काठ ओलांडला की खाली एकदम दीड किलोमीटर काहीच नाही. ज्यांना उंचीची धास्ती आहे त्यांनी त्या क्षणी खाली न बघता समोरच्या उत्तर काठावर नजर ठेवावी. उलटीची गोळी घ्यायची तर आधी डॉक्टरांना विचारून, निघण्यापूर्वी पुरेसा वेळ ठेवून घ्या.

दरीतले खडकांचे थर बघताना त्यांचं वय डोक्यात ठेवा. सह्याद्रीचा काळा बेसाल्ट साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. इथला सगळ्यात वरचा, काठावरचा फिकट कायबाब चुनखडक सुमारे 27 कोटी वर्षांचा आणि नदीलगतचा काळपट विष्णू शिस्ट हा खडक पावणेदोनशे कोटींच्या आसपासचा. होय, नाव विष्णूच. वरून बघताना मधला उंच लाल कडा उठून दिसतो, तो रेडवॉल. तो खडक मुळात राखाडी आहे. वरच्या थरांतला लोहाचा गंज पावसाबरोबर खाली ओघळून त्याला लाल रंग चढलाय.

कपडे गडद घाला, नाहीतर पांढऱ्या शर्टाचं प्रतिबिंब काचेवर येऊन प्रत्येक फोटोत उमटतं. कॅमेऱ्याला पोलरायझर (चमक कमी करणारा फिल्टर) लावू नका, त्या वाकड्या काचेतून इंद्रधनुष्यासारखे पट्टे येतात. लेन्स काचेच्या जवळ न्या पण टेकवू नका, थरथर फोटोत उतरते. पिशव्या, सेल्फी स्टिक, टोप्या काउंटरवरच ठेवायला लावतात. पाती फिरत असतानाच चढवतात, म्हणून ओढणी गाडीतच ठेवा. साडी असेल तर पदर खोचून, पिना लावून. खरं तर त्या दिवशी आईला पंजाबी ड्रेस किंवा पँट घालायला सांगा. पायरी उंच आहे आणि गुडघे दुखत असतील तर आधीच तसं सांगितलं की कर्मचारी हात धरून चढवतात. हेलिकॉप्टरच्या मागच्या बाजूला कुणीही, कधीही जायचं नाही.

उड्डाण वाऱ्यामुळे रद्द झालं तर काउंटरवरून निघण्याआधी ‘हवामानामुळे कंपनीने रद्द केलं’ असं तारीख-वेळेसकट ईमेलवर मागून घ्या. मध्यस्थ साइट परतावा देताना पहिला प्रश्न हाच विचारते की रद्द कुणी केलं. तो ईमेल नसेल तर प्रवासी हजरच नव्हता, अशी नोंद होऊ शकते.