आवाजाबरोबर उजळणारी नळी

बोलपटाचा इतिहास सांगताना आपण मायक्रोफोन, कर्णे आणि गाणारे नट यांच्याविषयी भरभरून बोलतो. परंतु आवाज फिल्मवर उतरायचा तर आधी त्याचा उजेड व्हावा लागतो, आणि तो करणाऱ्या दिव्याची आठवण फारशी कोणी काढत नाही. माझ्या मते बोलपटाच्या शोधातला सर्वांत अवघड भाग तोच होता.

अडचण काय होती, ते साध्या बल्बवरून चटकन समजते. बल्बमधली तार एकदा तापली की लगेच निवत नाही. माणसाच्या आवाजात सेकंदाला शेकडो आणि हजारो कंपने असतात. त्यांच्या मागे धावण्याइतकी चपळाई तापलेल्या तारेत नसते, त्यामुळे आवाज कितीही बदलला तरी तिचा प्रकाश जवळजवळ तसाच राहतो. तापून नव्हे, तर विजेच्या प्रवाहाने वायू उजळून प्रकाश देणारा दिवा मात्र प्रवाहातला प्रत्येक चढउतार तत्काळ दाखवू शकतो. न्यूयॉर्क राज्यातील ऑबर्न या गावी थिओडोर केस आणि त्यांचे सहकारी अर्ल स्पोनेबल यांनी १९२०च्या दशकात असा दिवा घडवला. एओलाइट हे त्याचे नाव. मायक्रोफोनमधून आलेला प्रवाह वाढवून या नळीला दिला की ती आवाजाबरोबर कमीजास्त उजळे. कोणी बोलत नसतानाही ती मंद तेवतच ठेवावी लागे, कारण कंपनाचा अर्धा भाग उजेड वाढवणारा असला तर उरलेला अर्धा तो कमी करणारा असतो, आणि विझलेल्या दिव्याचा उजेड आणखी कमी कसा करणार?

केस यांनी त्याआधी, पहिल्या महायुद्धाच्या काळात, थॅलियमच्या संयुगापासून प्रकाश ओळखणारा सेल बनवला होता. म्हणजे उजेडाचा पुन्हा आवाज करण्याची सोयही त्यांच्यापाशीच होती. अमेरिकन संशोधक ली डी फॉरेस्ट यांनी १९२३ साली न्यूयॉर्कमध्ये आपले बोलके लघुपट दाखवले, त्यांत केस यांच्या संशोधनाचा वाटा मोठा होता; श्रेयावरून पुढे दोघांचे फाटले, आणि केस यांची पद्धत १९२६ मध्ये चित्रपट निर्माते विल्यम फॉक्स यांच्याकडे जाऊन मूव्हिटोन या नावाने प्रसिद्ध झाली. २० मे १९२७ रोजी सकाळी वैमानिक चार्ल्स लिंडबर्ग यांचे विमान पॅरिसच्या दिशेने झेपावले, तेव्हा त्याची घरघर या पद्धतीने टिपण्यात आली आणि त्याच रात्री न्यूयॉर्कच्या रॉक्सी थिएटरमध्ये प्रेक्षकांनी ती ऐकली. ज्या ‘द जाझ सिंगर’ला पहिल्या बोलपटाचा मान सर्रास दिला जातो, त्याचा आवाज तबकडीवर होता, त्यात या उजेडाचा काही संबंध नव्हता.

जुन्या ३५ मिलिमीटर फिल्मचे काही तुकडे माझ्या संग्रही आहेत. खिडकीशी धरून पाहिल्यास चित्रचौकटी आणि कडेची भोके यांच्यामध्ये सुमारे अडीच मिलिमीटर रुंदीची एक पट्टी दिसते. एका तुकड्यावर तिच्यात फिक्या-गडद करड्या रेघांची आडवी उतरंड आहे. एओलाइटसारख्या दिव्याने उमटणारी खूण याच जातीची. दुसऱ्यावर करवतीच्या दात्यांसारखी काळी-पांढरी नक्षी आहे. तिथे उजेडाची तीव्रता नव्हे, तर त्याची रुंदी बदललेली असते. पुढे ही दुसरी पद्धतच सर्वत्र रूढ झाली, तरी मला पहिली अधिक देखणी वाटते. फिल्म सेकंदाला सुमारे ४५६ मिलिमीटर वेगाने सरकते, म्हणजे सेकंदाला हजार कंपनांच्या स्वराची एक लाट अर्ध्या मिलिमीटरपेक्षाही आखूड भरते. इतक्या बारीक रेघा उमटाव्यात म्हणून दिव्याचा उजेड अतिशय अरुंद फटीतून फिल्मवर पाडला जाई.

आर्देशर इराणी यांचा ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात झळकला. त्यात चित्र आणि आवाज एकाच कॅमेऱ्यात, एकाच फिल्मवर टिपले होते. ही सोय स्वस्त होती. पण चित्राला मानवणारी फिल्मची रासायनिक धुलाई आवाजाच्या पट्टीला मानवेलच असे नसे, आणि नको असलेला आवाज नंतर वेगळा काढता येत नसे. स्टुडिओजवळून आगगाड्या जात असल्यामुळे बरेचसे चित्रण मध्यरात्रीनंतर करावे लागले. त्या चित्रपटाची आज एकही प्रत उपलब्ध नाही. पुढच्याच वर्षी आलेला प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ मात्र सुदैवाने पाहायला आणि ऐकायला मिळतो.

थिएटरमध्ये हाच प्रवास उलटा होतो. प्रोजेक्टरमधला छोटा दिवा त्या पट्टीवर उजेडाची बारीक रेघ पाडतो, पलीकडचा फोटोसेल गाळून आलेला उजेड मोजतो आणि त्याची वीज कर्ण्याकडे जाते. चित्र प्रोजेक्टरच्या खिडकीपाशी एकेक चौकट थांबत पुढे सरकते, तर आवाजाला अखंड गती लागते. म्हणून तो खिडकीपासून वेगळ्या जागी वाचला जातो आणि त्याच्या चित्रापेक्षा २० चौकटी पुढे छापलेला असतो. रीळ तुटून ऑपरेटरने चार चौकटी कापल्या, तर चित्र एका ठिकाणी उडी मारते आणि आवाज दुसऱ्याच ठिकाणी, याचे कारण हेच.

ऑपरेटर मंडळी यंत्रणेची परीक्षाही उजेडानेच घेत: त्या रेघेसमोरून पुठ्ठ्याचा तुकडा फिरवला की कर्ण्यातून धप्प असा आवाज यायला हवा. फिल्म किंचित बाजूला सरकून कडेची भोके उजेडात आली की संवादांमागे मोटरबोटीसारखी घरघर सुरू होई, कारण प्रत्येक चौकटीला चार भोके आणि सेकंदाला २४ चौकटी, असे ९६ झटके फोटोसेलला बसत. तुटलेली फिल्म जिथे जोडली, तिथे आवाजात बसणारा धक्का टाळण्यासाठी आवाजाच्या पट्टीवर काळ्या शाईचा त्रिकोण रंगवण्याची रीत होती. सरळ काळी पट्टी ओढली असती तर उजेड एकदम तुटून धक्का उलट वाढला असता. त्रिकोणामुळे तो हळूहळू कमी होतो, तितक्याच सावकाश परत येतो, आणि हा चढउतार इतका संथ असतो की तो कानाला जाणवत नाही.