बर्फातलं स्टोअर

ध्रुवीय मोहिमांची पुस्तकं मी मागून वाचायला घेतो. आधी परिशिष्टं: माणसं किती, कुत्री किती, बिस्किटं किती, रॉकेल किती, वाटेवर आधीच करून ठेवलेल्या साठ्यांपैकी, म्हणजे डेपोंपैकी, कुठल्यात काय ठेवलं. मग नकाशा. हिमवादळं, पराक्रम आणि शेवटची पत्रं त्यानंतर. भोसरीच्या एका कारखान्यात स्टोअर्समध्ये नोकरी झाली, त्याची ही खोड. मशीन का थांबलं याचं उत्तर निम्म्या वेळा शॉप फ्लोअरवर नसतं, बिन कार्डावर, म्हणजे स्टोअरमधल्या मालाच्या नोंदीच्या कार्डावर असतं. दक्षिण ध्रुवाच्या वाटेवर माणसं का मेली याचंही निम्मं उत्तर तिथेच आहे, असं माझं मत आहे.

हे मत फारसं कुणाला पटत नाही. आमच्या वाचनकट्ट्यावर तीन पक्ष आहेत. एकांसाठी दक्षिण ध्रुवावरून परतताना मेलेला इंग्रज स्कॉट हुतात्मा, दुसऱ्यांसाठी तोच स्कॉट निव्वळ गबाळा आणि त्याच्या आधी ध्रुवावर पोचलेला नॉर्वेचा अ‍ॅमंडसन खरा शहाणा. तिसरे शॅकल्टनवाले, म्हणजे जहाज बर्फात गमावूनही त्यावरची सगळी माणसं वाचवणाऱ्या शॅकल्टनचे भक्त. हे बहुधा कंपनीच्या लीडरशिप ट्रेनिंगमधून आलेले असतात आणि त्यांना पुस्तकापेक्षा त्यातले धडे जास्त आठवतात. रॉकेलच्या डब्यांचं झाकण कसलं होतं, हे तिन्ही पक्षांतलं कुणी विचारत नाही.

झाकणाची गोष्ट अशी. स्कॉटची माणसं ध्रुवावरून परतताना एकेका डेपोला पोचत होती आणि दर वेळी डब्यात तेल कमी भरत होतं. डबे फुटलेले नव्हते, कुणी चोरलं म्हणावं तर तिथे चोर कुठून येणार? बुचाला कातडी वायसर होते. त्या थंडीत कातडं आकसतं, वर उन्हात डबा थोडा तापला की वाफ निसटते, आणि रॉकेल तर मुळात फटीतून पाझरणारी जात. तेल नाही म्हणजे स्टोव्ह नाही, स्टोव्ह नाही म्हणजे बर्फ वितळवून पाणी नाही, गरम जेवण नाही, ओले मोजे वाळणार नाहीत. स्कॉटने मरण्यापूर्वी जनतेसाठी जे निवेदन लिहून ठेवलं, त्यात डेपोंमधल्या इंधनाच्या तुटीचा उल्लेख आहे आणि या तुटीचा हिशेब मला लागत नाही, असंही त्यात आहे. मी तिथे पुस्तक मिटून ठेवलं होतं. ऑडिटच्या आदल्या रात्री हे वाक्य मनात घोळवत बसलेला माणूस मला ठाऊक आहे, आमच्याकडे असे चार-पाच होते. फक्त त्यांच्यापैकी कुणी तंबूत मरत नव्हता.

आणि गंमत म्हणजे, गंमत कसली, स्कॉटच्याच १९०१-०४च्या मोहिमेत हे आधी होऊन गेलं होतं. तेव्हा डब्यांना कॉर्कची बुचं होती आणि तेल पाझरतं ही तक्रार त्याने स्वतः लिहून ठेवलेली आहे. अ‍ॅमंडसनलाही उत्तरेकडच्या मोहिमेत हाच अनुभव आला होता. त्याने दक्षिणेला जाताना डब्यांची तोंडं डाक मारून बंद केली. दोघांना एकच तक्रार आली. एकाने पार्ट बदलला, दुसऱ्याने त्या पार्टचं मटेरियल बदललं.

स्कॉटच्या स्टोअर्सचा माणूस मात्र पहिल्या दर्जाचा होता. हेन्री बॉवर्स. रॉयल इंडियन मरीन, म्हणजे इथल्या इंग्रज सरकारच्या नौदलातून आलेला, बुटका, मोठ्या नाकाचा. सगळे त्याला बर्डी म्हणत. जहाजावर दाखल झाल्या झाल्या तो उघड्या हॅचमधून तळात पडला, लोखंडाच्या लगडींवर, आणि काहीच झालं नाही अशा चेहऱ्याने उठून उभा राहिला. त्याला जहाजाबरोबर परत पाठवायचं ठरलं होतं. पण माल चढवताना कुठली पेटी कुठे आहे हे त्याला इतकं तोंडपाठ असायचं, की स्कॉटने त्याला किनाऱ्यावरच्या तुकडीत घेतलं. स्टोअर्सच्या माणसाला कामावरून बढती मिळाल्याचं हे एक उदाहरण मी आमच्या परचेसच्या लोकांना आवर्जून सांगत असे.

आता पुढचं बघा. त्या मोहिमेचा सगळा हिशेब चाराचा. तंबू चौघांचा, स्लेज चौघांची, आठवड्याचा शिधा बांधलेला तोही चार माणसांचा. १९१२च्या जानेवारीत, ध्रुव पावणेतीनशे किलोमीटरवर राहिला असताना, स्कॉटने शेवटच्या मदत तुकडीला परत पाठवलं आणि ऐन वेळी त्यातला एक माणूस स्वतःबरोबर ठेवून घेतला. चाराचे पाच झाले. परतणाऱ्या तुकडीत तीन उरले. पाचांचं जेवण शिजायला रोज अर्धा तास जास्त लागू लागला, म्हणजे तेवढं जास्त तेल. तिघांना प्रत्येक डेपोत चौघांचा शिधा फोडून आपला वाटा मोजून घ्यावा लागला. शिवाय या पाचव्या माणसाचे स्की मागे ठेवून आलेले, तो इतरांच्या बरोबरीने नुसता चालत राहिला.

तो पाचवा माणूस म्हणजे बॉवर्स. ज्याने तो चाराचा हिशेब सांभाळला होता, तोच त्यात न बसणारा आकडा झाला. त्याला ते कळलं नसेल असं मला अजिबात वाटत नाही. पण ध्रुवावर चल म्हटल्यावर, पॅकिंग स्लिपमध्ये बसत नाही साहेब, असं कोण म्हणेल?

वन टन डेपोचं गणित तर शाळेतल्या पोराला घालता येईल. एक टनाच्या आसपासचा हा डेपो ८० अक्षांशावर ठेवायचा ठरलं होतं. १७ फेब्रुवारी १९११ला ७९ अंश २९ मिनिटांवरच ठेवला, कारण घोडी थकली होती. ठरल्या जागेच्या ५७ किलोमीटर अलीकडे. घोड्यांचं काम बघणारा ओट्स म्हणत होता की घोडी मारा, पण पुढे चला. (हा ओट्स महूच्या छावणीतून आलेला. बाबासाहेबांचा जन्म झाला तेच महू.) स्कॉटला घोड्यांची दया आली. वर्षभराने स्कॉट, विल्सन आणि बॉवर्स यांचा शेवटचा तंबू या डेपोपासून २० किलोमीटरवर राहिला. ओट्स त्याच्या आधीच वादळात बाहेर निघून गेला होता, आणि पाचांतला आणखी एक त्याच्याही आधी मेला होता. डेपो ठरल्या जागी असता तर तिघांनी तो मागे टाकलेला असता. वाचले असतेच असं नाही, वाट अजून बरीच होती. पण त्या रात्री स्टोव्ह पेटला असता.

हिमवादळाबद्दल माझी समजूत सिनेमातून झालेली: थंडी, पांढरा अंधार, दाढीला बर्फ. पुस्तकांनी ती बदलली. डिसेंबर १९११मध्ये हिमनदीच्या पायथ्याशी स्कॉटला चार दिवस ज्या वादळाने अडकवलं, ते उबदार होतं. पारा शून्याच्या वर गेला. बर्फ पडून वितळत होता, तंबू ठिबकत होते, झोपायच्या पिशव्या चिंब. जुलैत आठ दिवस न वाळलेले कपडे नेसून ऑफिसला गेलेल्याला यातलं थोडं कळेल. पण स्टोअर्सच्या दृष्टीने नुकसान ओलीचं नव्हतं. वर पठारावर खायचा म्हणून वेगळा बांधलेला शिधा त्यांना खालीच फोडावा लागला. वादळाने माणूस मारला नाही, चार दिवस खाल्ले.

वजनाबद्दलचं माझं सगळ्यात आवडतं कोष्टक स्कॉटच्याच मोहिमेतल्या चेरी-गॅरार्डच्या पुस्तकात आहे. १९२२ साली निघालेलं ‘द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड’. १९११च्या ध्रुवीय हिवाळ्यात, चोवीस तासांच्या अंधारात, विल्सन, बॉवर्स आणि तो स्वतः एम्परर पेंग्विनची अंडी आणायला केप क्रोझियरला गेले. पारा उणे ६० सेल्सिअसच्याही खाली. जाताना आणि आल्यावर सामानाचं वजन केलं, ते त्याने छापलं आहे. स्टोअरमधून माल गेला की परत येताना कमी भरतो, हा जगाचा नियम. इथे उलट. चेरीची झोपायची पिशवी जाताना ८ किलो, येताना २० किलोंच्या वर. विल्सनची पावणेआठची अठरा झाली. हा सगळा त्यांच्याच घामाचा आणि श्वासाचा बर्फ, पिशवीच्या आत गोठलेला. थंडीचं वर्णन करायला विशेषणं लागतात असं ज्यांना वाटतं, त्यांनी हे दोन रकाने बघावेत.

त्याच प्रवासात वादळाने त्यांचा तंबू उडवून नेला, दगड रचून केलेल्या खोपटाचं कापडी छप्परही फाडलं. तंबू पुढे जवळच सापडला, म्हणून ते जगले. त्यानंतर बॉवर्स झोपताना तंबूची दोरी स्वतःला बांधून घेत असे, तंबू गेला तर आपणही त्याच्याबरोबर जाऊ म्हणून. हे मी बायकोला वाचून दाखवलं. ती म्हणाली, “अहो, तुम्ही नाही का गोडाऊनच्या किल्ल्या उशाखाली घेऊन झोपायचा?” मी पुढचं पान उलटलं.

या मोहिमेचा हवामानतज्ज्ञ जॉर्ज सिम्पसन सिमल्याच्या हवामान खात्यातून गेला होता आणि १९१२ साली तिथेच परत बोलावला गेला. अंटार्क्टिकाच्या नोंदींवरचा त्याचा जाडजूड ग्रंथ १९१९ साली छापला गेला तो कलकत्त्यात. पुढे १९२८ साली त्या खात्याचं मुख्यालय सिमल्याहून पुण्यात आलं. शिवाजीनगरला बसमधून कंडक्टर “सिमला ऑफिस, सिमला ऑफिस” ओरडतो ना, तेच. तोवर सिम्पसन इंग्लंडला गेलेला होता, त्यामुळे आपल्या त्या टॉवरखाली तो बसला वगैरे नाही. वेधशाळेच्या अंदाजावर आपण पुणेकर हसतो, तेव्हा मला तो फुगे सोडून वरच्या हवेचं तापमान मोजत त्या बर्फात उभा दिसतो आणि मी छत्री बरोबर घेतो.

अ‍ॅमंडसनचं पुस्तक वाचताना माझ्यासारख्याला घरी आल्यासारखं वाटायला हवं. डेपोच्या दोन्ही बाजूंना आडवी झेंड्यांची रांग, प्रत्येक झेंड्यावर नंबर, म्हणजे धुक्यात चुकलात तरी डेपो कुठल्या हाताला ते कळावं. पेट्यांना वर गोल झाकण, म्हणजे दोर न सोडता माल काढता यावा. १४ डिसेंबर १९११ला ध्रुव, आणि सगळे सुखरूप परत. चोख. पण त्या चोखपणात निघालेली ५२ कुत्रीही होती, कुठलं कधी मारायचं आणि कुणी खायचं हे आधीच मांडलेलं, आणि परत आली ११. हिशेबात एक पैशाची चूक नाही. मला ते पुस्तक आवडत नाही.

अंटार्क्टिकावरच्या ऑस्ट्रेलियन मोहिमेचा प्रमुख मॉसन, त्याचं थोडक्यात. त्याने जास्त महत्त्वाचा माल मागच्या स्लेजवर ठेवला, कारण हिमदरीत पडेल तर पुढची पडेल. पडली मागचीच, १४ डिसेंबर १९१२ला, त्याचा साथीदार निनिस आणि उत्तम कुत्र्यांसकट. तर्कात चूक काढून दाखवा, मी आजवर शोधतो आहे.

शॅकल्टनवाल्यांसाठी मात्र माझ्याकडे एक वेगळा नायक आहे. शॅकल्टनच्या ‘एन्ड्युरन्स’ जहाजाचा स्टोअरकीपर थॉमस ऑर्ड-लीज. २८ माणसांत सर्वांत नावडता. आळशी, कुरकुऱ्या, खाण्याचं साठवून ठेवणारा, असा त्याचा लौकिक. गोठलेल्या समुद्रावर हा सायकल चालवायचा, त्यामुळे पेठांतल्या माणसाला तो एकदम जवळचा वाटावा. जहाज बुडाल्यावर २२ जण एलिफंट बेटावर दोन उपड्या होड्यांखाली राहिले, १९१६च्या एप्रिलपासून ऑगस्टअखेरपर्यंत. बॉस, म्हणजे शॅकल्टन, मदत आणायला गेला होता. बेटावरचा प्रमुख फ्रँक वाइल्ड रोज सकाळी सांगायचा, सामान बांधा, बॉस आज येईल. ऑर्ड-लीज म्हणायचा, पेंग्विन मिळताहेत तोवर मारून साठवा, नंतर मिळणार नाहीत. वाइल्डने ऐकलं नाही, साठा करणं म्हणजे सुटकेवर अविश्वास दाखवणं असं त्याला वाटे. बॉस ३० ऑगस्टला आला, सगळे वाचले, आणि इतिहासात वाइल्डचा आशावाद राहिला. बोट महिनाभर उशिरा आली असती तर? मिनिमम स्टॉक ठेवा म्हणणारा माणूस गरज पडली नाही की मूर्ख ठरतो, आणि पडली की त्याला कुणी विचारत नाही, तू आधी का सांगितलं नाहीस एवढंच विचारतात. उपासमार झालीच तर आधी ऑर्ड-लीजला खायचं, असा विनोद त्या होड्यांखाली चालायचा.

त्याने डायरी ठेवली होती. उतारे इकडेतिकडे वाचले आहेत, मला सलग हवी आहे. गेल्या महिन्यात अप्पा बळवंत चौकात चौकशी केली. काउंटरवरच्या माणसाने नाव दोनदा विचारलं, कॉम्प्युटरकडे बघितलंही नाही.

“कितवीला आहे?”

“अभ्यासाचं नाही हो. एका स्टोअरकीपरची डायरी आहे.”

“मग कॉमर्सचं बघा, पलीकडच्या दुकानात.”

पलीकडच्या दुकानाला गुरुवारची सुट्टी होती. पुन्हा जाईन.