एमीचा वाढदिवस आणि बंद फाटक

ताईकडे, म्हणजे माझ्या मामेबहिणीकडे, लंडनला हॅरोमध्ये गौरी-गणपती असतात. २०२४ ला ऑफिसात बरीच भांडाभांडी करून सप्टेंबरची सुट्टी पदरात पाडून घेतली आणि गेले. गुरुवारी विसर्जन झालं, मागच्या अंगणात मोठ्या बादलीत, शेजारचे पटेलकाका पण आरतीला आलेले. शुक्रवारी रात्री भांडी पुसता पुसता मी सहज म्हटलं, उद्या मी जरा एजवेअरला जाऊन येते, एमी वाइनहाउसची समाधी आहे ना तिथे.

ताईच्या हातातलं पातेलं तसंच राहिलं. "अगं, काल गणपती उठले, अजून अनंत चतुर्दशी व्हायचीये आणि तू स्मशानात चाललीस?"

भाऊजी सोफ्यावरून म्हणाले, "कोण, ती मोठ्ठ्या अंबाड्यावाली?"

तीच, ब्रिटिश गायिका. आणि उद्या म्हणजे १४ सप्टेंबर, तिचा वाढदिवस. १९८३ चा जन्म, म्हणजे असती तर एक्केचाळीस पूर्ण झाले असते. गेली तेव्हा सत्तावीस. मी कॉलेजात होते तेव्हा एका मैत्रिणीने पेन ड्राइव्हवर दिलेली तिची गाणी, तेव्हापासून डोंबिवली ते सीएसटी रोज कानात तीच बाई, त्यामुळे आपण लंडनला जायचं आणि हिला न भेटता परत यायचं हे काही मला जमण्यासारखं नव्हतं.

तर शनिवारी सकाळी ताईने दिलेला उरलेल्या करंज्यांचा डबा पिशवीत टाकून निघाले. हॅरोहून एजवेअरला सरळ बस आहे. तिथून एजवेअरबरी लेन पकडून पंचवीस-तीस मिनिटं चालत. रस्ता एकदम शांत, दोन्हीकडे बैठी-दुमजली घरं, पुढे गुलाबाची झाडं, आणि फुटपाथवरून कुटुंबंच्या कुटुंबं चाललेली, पुरुष काळ्या कोटात, लहान मुलं इस्त्रीच्या शर्टात, बायका छान नटलेल्या. मी मनात म्हणतेय, बघा, काय संस्कृती आहे, शनिवारी सकाळी सगळे गाड्या घरी ठेवून चालायला निघालेत, नाहीतर आपण, कोपऱ्यावर कोथिंबीर आणायला पण स्कूटी. असं सगळं कौतुक करत करत मोठा हायवे ओलांडून कब्रस्तानापाशी पोचले आणि बघते तर फाटकाला कुलूप.

शनिवार! ज्यू लोकांचा शब्बाथ! ते सगळे चालत होते कारण त्या दिवशी गाडी चालवायची नसते, सिनेगॉगला निघालेले ते. आणि ज्यू कब्रस्तान शनिवारी उघडं असणारच कसं. एमीचं घराणं ज्यू, हे मला चांगलं माहीत, तिच्या गळ्यातला तो सहा टोकांचा तारा कितीदा फोटोत बघितलेला, पण आपल्या डोक्यात शनिवार म्हणजे मारुतीच्या देवळात रांग, त्यापुढे विचारच गेला नाही. फाटकाशी उभी राहून एक करंजी खाल्ली आणि परत फिरले.

ताईला लगेच फोन नाही केला. "बघ, सांगत होते" ऐकायची तयारी नव्हती.

एजवेअर हे लंडनच्या मेट्रोतल्या नॉर्दर्न लाइनचं शेवटचं स्टेशन. डोंबिवलीच्या बाईला सुटणारी गाडी रिकामी मिळणं म्हणजे काय ते बाकीच्यांना नाही कळायचं, खिडकी पकडून बसले (बोगदा लागल्यावर खिडकीतून दिसतं काय तर स्वतःचं तोंड, पण सवय) आणि कॅम्डेन टाउनपर्यंत, म्हणजे मोठेपणी ती राहायची त्या भागापर्यंत, तिचा पहिला अल्बम ऐकत गेले. 'फ्रँक' नाव त्याचं, २००३ चा. वीस वर्षांची होती फक्त. हा अल्बम लोक कमी ऐकतात आणि मला तेच पटत नाही. यातली एमी अजून जॅझवाली आहे. घरात वडील अमेरिकन गायक सिनात्राची गाणी म्हणायचे, आजी सिंथिया तरुणपणी गायची, असल्या घरात वाढलेली पोर. सोळाव्या वर्षी नॅशनल यूथ जॅझ ऑर्केस्ट्राबरोबर गायली. आवाज खर्जातला, आणि ती तालाच्या किंचित मागे राहते, म्हणजे तुम्हाला वाटतं आता हिची सम हुकली, आणि ही आरामात, शेवटच्या क्षणी, लाडात आल्यासारखी येऊन बसते. आपल्याकडे ठुमरी गाणाऱ्या बायका शब्द जसा लांबवून, उगाच थोडा छळून सोडतात ना, तसंच काहीतरी. ते शिकवून येत नाही, आणि नुसतं जन्मतः पण येत नाही, खूप ऐकावं लागतं त्यासाठी.

तिचं लहानपण गेलं ते साउथगेटला. ते मी मंगळवारीच बघून आले होते. तिथे बघायला काय आहे तर १९३३ चं एक गोल स्टेशन, उडती तबकडी उतरल्यासारखं, फार सुंदर. बाकी मग शाळा, दुकानं, दवाखाना, बस. लंडनचं डोंबिवली म्हणा. आई फार्मासिस्ट, वडील आधी खिडक्या बसवायचे मग काळी टॅक्सी चालवायला लागले, एक मोठा भाऊ. एमी नऊ वर्षांची असताना आईवडील वेगळे झाले. पुढे सिल्व्हिया यंग थिएटर स्कूल. नाक टोचलं म्हणून तिथून काढून टाकलं अशी गोष्ट सगळीकडे फिरते, पण स्वतः सिल्व्हियाबाईंनीच सांगितलंय की आम्ही तिला काढलं नव्हतं. आमच्या आजीने तर नाक टोचलं म्हणून पेढे वाटले असते.

कॅम्डेन टाउनला शनिवारी दुपारी उतरू नका. म्हणजे उतरा, पण मग तक्रार करू नका, गणपतीत लालबागला जितकी तितकीच गर्दी, फक्त केसांचे रंग जास्त. स्टेबल्स मार्केट म्हणजे खरोखरच जुने तबेले, रेल्वेच्या मालधक्क्यावर नि कालव्याच्या कामाला जे घोडे असायचे त्यांचे. आता तिथे नूडल्स, लेदर जॅकेटं, आणि दर तिसऱ्या दुकानात एमी. मगवर एमी, मोज्यांवर एमी, टीशर्टवर एमी, उशीच्या अभ्र्यावर पण. सगळीकडे तेच चित्र, काळं काजळ आणि तो अंबाडा. चेहरा पण काढायची गरज नाही, नुसता अंबाडा आणि काजळाची शेपटी काढली की झालं काम. ती फॅशन तिने उचललेली साठच्या दशकातल्या अमेरिकन गर्ल ग्रुप्सकडून, रोनेट्स वगैरे. त्याच काळात आपल्याकडे शर्मिला टागोर आणि साधना पण डोक्यावर तसंच पोळं घेऊन फिरत होत्या, त्यामुळे माझ्या आईला एमीचा फोटो पहिल्यांदा दाखवला तेव्हा तिला काही विशेष वाटलंच नाही.

पुतळा मार्केटच्या आत आहे. स्कॉट ईटन या शिल्पकाराचा, ब्राँझचा, १४ सप्टेंबर २०१४ ला बसवला, म्हणजे मी गेले त्या दिवशी बरोब्बर दहा वर्षं. उंच चौथरा वगैरे नाही, आपल्यातच उभी आहे, एक हात कमरेवर. आणि केवढीशी आहे हो! मापाने खरी तेवढीच केलीये म्हणतात. एवढ्याशा देहातून तो आवाज यायचा हे बघून मला एकदम कसंतरीच झालं. केसात लाल गुलाब, मनगटात लोकांनी अडकवलेली ब्रेसलेटं, पायाशी वाढदिवसाची फुलं. एक पोरगी पुतळ्याच्या खांद्यावर हात टाकून सेल्फी काढत होती, तिची आई मागून ओरडत होती की केस नीट कर. कुणाचे ते कळलं नाही.

तिथून पाच मिनिटांवर हॉली आर्म्स पब, तिचा अड्डा. या पबची एक गोष्ट मला फार आवडते. ९ फेब्रुवारी २००८ ला कॅम्डेन मार्केटला मोठी आग लागली, त्यात हा पब पण जळाला. दुसऱ्याच दिवशी ग्रॅमी, म्हणजे अमेरिकेतली संगीताची मोठी बक्षिसं. एमीला सहा नॉमिनेशन्स, पण व्हिसाच्या घोळामुळे अमेरिकेला जाताच आलं नाही, व्हिसा मिळाला तोपर्यंत उशीर झालेला. मग लंडनच्या हॅमरस्मिथमधल्या रिव्हरसाइड स्टुडिओतून सॅटेलाइटवरून गायली, इकडे मध्यरात्र उलटून गेलेली. तो व्हिडिओ शोधून बघाच. रेकॉर्ड ऑफ द इयर जाहीर करायला तिकडे जुने जॅझ गायक टोनी बेनेट उभे, तिच्यासाठी साक्षात देव, आणि त्यांच्या तोंडून स्वतःचं नाव ऐकल्यावर ही नुसती थिजून उभी राहते, तोंडावर काहीच नाही, आजूबाजूचे सगळे नाचतायत. मग आई येते आणि मिठी मारते. त्या रात्री पाच ग्रॅमी मिळाले, आणि बोलताना हिने काय आठवण काढली तर कॅम्डेनची, की आमचं कॅम्डेन काही जळून संपणार नाही म्हणून. जगातलं सगळ्यात मोठं बक्षीस हातात आणि डोक्यात नाक्यावरचा पब! मी तरी दुसरा कुणी गायक असा ऐकला नाही.

ते सगळे ग्रॅमी 'बॅक टू ब्लॅक'चे. ऑक्टोबर २००६ चा अल्बम, अर्धा मार्क रॉन्सन या संगीत निर्मात्याने केलेला आणि बाकीचा सलाम रेमीने, ज्याने 'फ्रँक'ला पण काम केलं होतं. रॉन्सनने ब्रुकलिनचा डॅप-किंग्ज नावाचा बँड आणला, जुन्या पद्धतीने टेपवर रेकॉर्ड करणारी माणसं, ते ब्रास ऐकलंत की कळतं. 'रिहॅब' कसं झालं तर दोघं न्यूयॉर्कच्या रस्त्यावरून चाललेले, ही सांगतेय की घरच्यांनी मला व्यसनमुक्तीला जा म्हटलं आणि मी कसं उडवून लावलं, आणि ते सांगताना जे वाक्य तोंडातून गेलं त्यालाच रॉन्सन म्हणाला, थांब, हे गाणंच आहे. बोलण्यातलं वाक्य उचलून गाण्यात घालायचं, हेच तर तिचं सगळं. भारी शब्द नाहीत, उपमा नाहीत. भांडणात बायका जे बोलतात ते, आणि खाली साठ सालचं नाचायचं म्युझिक.

चॉक फार्म रोडने पुढे गेलं की राउंडहाउस. १८४७ साली रेल्वे इंजिनं ठेवायला बांधलेली गोल इमारत, आता गाण्याचे कार्यक्रम होतात. (इथून दहा-पंधरा मिनिटांवर १०, किंग हेन्रीज रोड, म्हणजे बाबासाहेब १९२१-२२ ला जिथे राहत होते ते घर, २०१५ मध्ये आपल्या राज्य सरकारने विकत घेतलेलं. एवढ्या जवळ येऊन ते न बघता परत गेलात तर तुमचं तुम्ही बघा. मी बुधवारीच जाऊन आले होते, त्यावर वेगळी पोस्ट लिहीन.) याच राउंडहाउसमध्ये २० जुलै २०११ ला एमी शेवटची लोकांसमोर आली. तिची मानसकन्या डिऑन ब्रॉमफील्ड गात होती, ही मध्येच स्टेजवर आली, थोडी नाचली, गेली. त्याच्या महिनाभर आधी बेलग्रेडला ती स्टेजवर धड उभी राहू शकत नव्हती, शब्द आठवत नव्हते, आणि हजारो लोक हुर्यो करत होते. तो व्हिडिओ पण नेटवर आहे. तो मी बघत नाही.

२३ जुलैला गेली. कॅम्डेन स्क्वेअर, घर नंबर ३०. मार्केटपासून वीस-पंचवीस मिनिटं चालत, आणि चालता चालता गर्दी, मोजे, टीशर्ट, सगळं मागे पडतं. मधोमध झाडीची बाग, भोवती घरं. समोरच्या झाडापाशी लोक अजून चिठ्ठ्या ठेवतात, त्या दिवशी तर बऱ्याच होत्या. ती गेली तेव्हा लोकांनी तिथे फुलांबरोबर व्होडकाच्या बाटल्या आणि सिगारेटी पण ठेवल्या होत्या, आणि आठवण म्हणून रस्त्याच्या पाट्या चोरून नेल्या. बाटल्यांचं मला अजून कळत नाही. दारूनेच गेली ना ती. रक्तात १०० मिलीलीटरला ४१६ मिलिग्रॅम अल्कोहोल सापडलं, तिथे गाडी चालवायची मर्यादा ८० ची. ड्रग्ज तिने सोडलेली, दारू पण मधे मधे सोडायची, आणि मग परत. घरात आता दुसरं कुणी राहतं, त्यामुळे मी त्या बाजूला न जाता झाडापाशीच दोन मिनिटं उभी राहिले.

रविवारी परत एजवेअर. फाटक उघडं. एका म्हाताऱ्या कर्मचाऱ्याला विचारलं तर मी नाव पूर्ण घ्यायच्या आत त्याने हात करून दाखवलं. काळा दगड, गुलाबी अक्षरं. इतक्या करड्या-पांढऱ्या दगडांत तो लांबूनच दिसतो. आणि मला जे माहीत होतं पण डोळ्यांनी बघितल्यावर वेगळंच वाटलं ते म्हणजे त्याच दगडावर आजीचं पण नाव आहे, सिंथिया. आजी २००६ मध्ये गेली, 'बॅक टू ब्लॅक' यायच्या काही महिने आधी. एमीच्या दंडावर तिचं नाव गोंदलेलं होतं. एमीच्या अस्थी आणल्या त्या आजीबरोबर ठेवायला. कॅम्डेनमध्ये ती सगळ्यांची, इथे एका आजीची नात.

ज्यू लोक समाधीवर फुलं नाही, खडे ठेवतात. दगडावर भरपूर खडे होते, एक-दोन गिटारची पिकं, एक लिपस्टिक. मी वाटेत उचललेला एक खडा ठेवला. करंजी ठेवावी असं पण एकदा मनात आलं, पण म्हटलं नको, मुंग्या येतील. शेजारच्या समाधीवर एक आजोबा खुर्ची टाकून बसले होते, त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली, त्यांना असले पाहुणे रोजचेच असणार.

बाहेर पडताना फाटकाजवळ नळ आणि तांब्यासारखं भांडं. कब्रस्तानातून निघताना हात धुवायचे. मी पण धुतले, पाणी गारेगार.

हॅरोला पोचले तर दार उघडायच्या आधीच ताईचा आतून आवाज. "आत येऊ नकोस, आधी मागच्या दाराने बाथरूममध्ये जा, अंघोळ कर."

"अगं, हात धुऊन आलेय मी, तिथे नळ होता."

"त्यांच्यात पण असतं?" ताईने दार जरासं उघडलं. "बरं मग नुसते पाय धू. आणि डबा आण इकडे, करंज्या संपल्या का?"