आनाग्नोस्ती पाहणं : आतापर्यंतची प्रगती

अल्बानियाच्या समाजवादी काळातल्या कॅमेरामनांचे चित्रपट एकेक करून पाहतोय, सध्या धिमितेर आनाग्नोस्ती हातात घेतलाय. जन्म १९३६, गाव वुनो, आयोनियन समुद्राकाठचं. मॉस्कोच्या 'व्हीजीआयके' या चित्रपट-शिक्षणसंस्थेत तो आणि विक्तोर जिका छायालेखन शिकले. पदवीचा लघुपट दोघांनी मिळून केला आणि त्यासाठी कथा घेतली चक्क हेमिंग्वेची! १९६१मध्ये कम्युनिस्ट हुकूमशहा एन्व्हेर होजाच्या अल्बानियाचं मॉस्कोशी फाटलं आणि ती वाटच बंद झाली. तोवर हे दोघे तिरानाच्या 'नवा अल्बानिया' किनोस्टुडिओत, म्हणजे चित्रपट स्टुडिओत, दाखल झाले होते. हा स्टुडिओ १९५२चा, देशातला एकमेव.

१९६६मध्ये दोघांनी मिळून 'कोमिसारी इ द्रितस' दिग्दर्शित केला आणि तिथून दोघंही दिग्दर्शकाच्या खुर्चीत गेले. आपल्याकडे बेनेगलांचा कॅमेरा सांभाळणारे निहलानी पुढे दिग्दर्शक झाले, तसंच काहीसं.

बघायची माझी पद्धत अशी: पहिल्यांदा आवाज बंद, सबटायटलंही बंद. क्षितिज फ्रेममध्ये कुठे पडतं, माणूस किती जागा व्यापतो, एवढंच वहीत टिपायचं. एक पथ्य मात्र पाळतोय. १९६६नंतरच्या चित्रपटांतल्या प्रकाशयोजनेचं श्रेय आनाग्नोस्तीला द्यायचं नाही, ते त्या त्या छायालेखकाचं. त्याच्या नावावर धरायचं ते माणसं कुठे उभी केली आणि जागा कोणती निवडली, एवढंच. तेवढ्यातही बरंच हाती लागतं. 'कोमिसारी'त उत्तरेचे डोंगर आणि दगडी घरं. पुढच्याच वर्षीचा 'दुएल इ हेश्तुर' समुद्रात, बोटीवर. आणि 'लुलेकुचेत म्बी मुरे'त (१९७६) इटालियन अमलाखालचं तिरानातलं अनाथालय, म्हणजे नुसत्या भिंती. प्रचारपट आहेत हे उघडच आहे, खलनायक पहिल्या मिनिटाला ओळखू येतो. पण जागेची जाण प्रचाराच्या पलीकडची आहे. माझ्या मते या तीन चित्रपटांत 'लुलेकुचेत' सरस. कोंडलेली पोरं दाखवायला संवादांची फारशी गरजच पडत नाही.

'प्रल्ल नगा ए कालुआरा' (१९८७) घाईत उरकला. चौदा वर्षांच्या नवरदेवाची ही कथा अल्बानियन लेखक चायुपीच्या नाटकावरून घेतली आहे. विनोद नाटकाचाच राहिला, कॅमेऱ्याला काम कमी.

आता आलोय १९८९च्या 'क्थिमी इ उश्त्रिस स व्देकुर'वर. इस्माईल कादारेची कादंबरी. युद्धात मेलेल्या आपल्या सैनिकांची हाडं न्यायला एक इटालियन सेनापती अल्बानियात येतो. गंमत अशी की याच कादंबरीवर १९८३मध्ये इटलीत चित्रपट निघाला होता, अभिनेता मास्त्रोयानीला घेऊन. तो दिग्दर्शित केला लुचियानो तोवोलीने, इटालियन दिग्दर्शक आंतोनियोनीच्या 'द पॅसेंजर'च्या छायालेखकाने. म्हणजे एकच गोष्ट दोन कॅमेरामनांनी सांगितली, एकाने घरातून आणि एकाने बाहेरून. आधी तोवोलीचा बघणार, मग आनाग्नोस्तीचा, दोन्ही आवाजाविना, आणि खोदकामाचे प्रसंग शेजारी शेजारी ठेवून पाहणार. दोन्हींच्या बऱ्या प्रती कुणाकडे असतील तर कळवा.